आयांचा बाक

१३ जानेवारी २०२५

गौरवलेख! आणि तो मी लिहायचा! संपादकांना एकतर पित्त झालंय, नाहीतर माझ्यावर जुना सूड उगवायचाय.

डॉ. लंका सोनवणे. मुलांच्या डॉक्टर, पण सर्दी-खोकल्याच्या नाहीत. वयात येणाऱ्या मुलामुलींची हाडं हा त्यांचा विषय. ऑगस्टात प्रॅक्टिसला अठ्ठावीस वर्षं होतायत म्हणून जुने पेशंट सत्कार करणार, स्मरणिका काढणार. तिचं संपादन आमच्या पेपरच्याच संपादकांकडे. अठ्ठावीसच का? तर पंचविसाव्या वर्षी बाई "वेळ नाही" म्हणाल्या. तीन वर्षं मागे लागल्यावर आत्ता कुठे हो म्हणाल्यात.

"तुम्ही लिहिलंत तर लोक वाचतील तरी," संपादक म्हणाले. म्हणजे बाकीचं अंकात काय असतं ते त्यांनाही माहीत आहे.

नऊ वर्षं दर रविवारी पेपरात 'कुसळ' हे सदर लिहितेय. नगरसेवक, नाट्यगृहातली संडासं, लग्नातले ड्रोन, कुणाला म्हणून सोडलं नाही. स्तुती कशी करतात तेच विसरलेय. एक ओळ मात्र तयार आहे — शूर्पणखेचं नाक नाशकात कापलं गेलं, आता लंकाही इथेच निघाली! बास. पुढे सुचत नाही.

१७ जानेवारी

पंचवटीतला दवाखाना. दुसरा मजला, लिफ्ट बंद. हाडं तपासायला येणाऱ्यांची परीक्षा जिन्यातच!

लंकाबाई जेमतेम पाच फूट. साठीला टेकल्यात. चालताना किंचित डुलतात, होडीसारख्या. टेबलावर मोबाइल नाही. भिंतीला लाकडी उंचीमापक आणि त्याच्याशेजारी बयाबाई. पहिल्या दिवसापासून इथे आहेत, आणि कलेक्टरबाईंपेक्षा जास्त अधिकाराने बोलतात. "टाच! टाच भिंतीला! अंबाडा सोड आधी! अंबाड्यात दोन इंच चोरते का गं?" प्रत्येक मुलाची उंची तीनदा मोजायची. तिन्ही आकडे जुळले नाहीत तर चौथ्यांदा.

दारावर पाटी. छापील नाही, हाताने लिहिलेली: 'पेशंट दहा वर्षांवरील असल्यास आधी सर्वांनी यावे. मग पेशंटने एकट्याने थांबावे. पालकांनी बाहेर बसावे. कान दाराला लावू नये, दार पातळ आहे, कळते.'

बाहेर एक लांब बाक. त्याला सगळे 'आयांचा बाक' म्हणतात. वडीलही त्यावरच बसतात, पण नाव आयांचंच. लेखाला चांगलं आहे हे. टिपून ठेवलं.

मखमलाबादची एक बाई आली होती. मळ्यात गुलाब-शेवंती करतात. पोरगी चौदाची, गुडघे एकमेकांना घासतायत. लंकाबाईंनी चिठ्ठीवर रबरी शिक्का मारला: 'ऊन. रोज वीस मिनिटे, दहा ते एकच्या दरम्यान. बाह्या वर. स्कार्फ नाही.'

बाई घाबरली. "म्याडम, ऊन नका लिहू! पोरगी लय काळी पडल. उद्या कुणी बघायला आलं तर?"

"किती वर्षांची आहे?"

"चौदा पुरी नाय."

"मग बघायला कोण येतंय? पोलीस?"

"आता म्याडम तुमी बी!" बाई पदर तोंडाला लावून हसली. मुलगीही हसली. मी पण. नऊ वर्षांत मला इतकं नेमकं वाक्य चार-पाचदाच जमलं असेल. जरा जळलेच.

२ फेब्रुवारी

आज 'टपोरीचा बेदाणा' छापून आला. सकाळपासून फोन थांबत नाहीत.

टपोरी म्हणजे आमची लेक. ती पाच वर्षांची असताना पहिल्यांदा तिच्यावर लिहिलं. गोल, रसरशीत, द्राक्षाच्या घडातला सगळ्यात मोठा मणी. म्हणून चि. टपोरी. अख्ख्या नाशकाने डोक्यावर घेतली. कॉलेज रोडला अनोळखी बायका तिचे गाल ओढून विचारायच्या, "हीच का टपोरी?" माझं अर्धं नाव तिच्यामुळे. आता चौदाची झालीय आणि गेल्या सहा महिन्यांत कपडे ढगळ व्हायला लागलेत. रोज मैदानावर पळते. दूध बंद, पोळी अर्धी. म्हणून लिहिलं: द्राक्षाचा बेदाणा होताना पाहणं हे नाशिकच्या प्रत्येक आईच्या नशिबी असतं, वगैरे. शेवट झकास जमला होता.

तिने पेपर वाचला, घडी घालून ठेवला, ताट वाढून न घेताच उठली.

नवरा, महेश, म्हणाला, "जरा जास्त झालं का गं?"

"तू अंबडच्या कारखान्यात जाऊन नटबोल्ट मोज," म्हटलं. तोही गेला.

९ फेब्रुवारी

हरसूल! लंकाबाई महिन्यातून एका रविवारी तिकडच्या आदिवासी आश्रमशाळांत मुलं तपासायला जातात. पदरचं पेट्रोल घालून, गेली वीस वर्षं. मला म्हणाल्या, "चला, लेखात झाडं-डोंगर टाकायला उपयोग होईल." म्हणजे बाईंना आम्ही लेखक कसे लिहितो ते चांगलं माहीत आहे.

एकशे चौदा मुलं. प्रत्येकाचं नाव आधी त्याच्याच तोंडून विचारतात, मग लिहितात. यादीत आधीच लिहिलेलं असलं तरी. मास्तर अस्वस्थ. "म्याडम, वेळ जातो." "जाऊ द्या की. नाव सांगताना मूल किती घाबरतं तेही बघते मी."

परतताना गाडीत मी विचारलं, इतकं रणरणतं ऊन अंगावर घेऊन ही मुलं वाकडी कशी? म्हणाल्या, "हरसूलला ऊन आहे, कॅल्शियम नाही. गंगापूर रोडला कॅल्शियम आहे, ऊन नाही. मधे मी." पूर्वी इकडे घरोघर नागली, म्हणजे नाचणी, खायचे. रेशनचा तांदूळ आला, नागली गरिबाची म्हणून ताटातून गेली. लंकाबाईंनी औषध म्हणून नागलीची भाकरी लिहून द्यायला सुरुवात केली तेव्हा एक म्हातारी त्यांच्यावरच हसली होती. "आमी सोडली नं तुमी चिठ्ठीवर लिवता व्हय!" त्याच म्हातारीकडून लंकाबाई आता स्वतःच्या घरची नागली विकत घेतात.

नावाचंही विचारलंच. वडील सटाण्याचे गवंडी. मुलगी झाली त्याच दिवशी पहिल्या दुमजली घराचं काम मिळालं. म्हणाले, आता सोन्याची लंका बांधणार! पुढे पुण्याला शिकायला गेल्यावर कुणीतरी सुचवलं, 'लतिका' करून घ्या, पाटीवर बरं दिसेल. बाईंनी लंकाच ठेवलं.

कुसळ लिहिणारीला मान्य करायला जड जातं, पण लिहून टाकते — या बाईत टोचायला जागा सापडत नाहीये.

२१ फेब्रुवारी

टपोरीचा हात मोडला. उजवं मनगट. शाळेच्या पायरीवरून पडली. दोन पायऱ्या! दोन! जिना नाही, झाड नाही, गाडी नाही. प्लॅस्टर घालणारे डॉक्टर फोटो उजेडाला धरून म्हणाले, "एवढ्याशा पडण्याने या वयात मोडायला नको होतं. लंका मॅडमना दाखवून घ्या."

२४ फेब्रुवारी

सगळं लिहून ठेवते.

बयाबाईंनी कागद पुढे केला. "पेशंटचं नाव?" मी म्हटलं, "टपोरी—"

जीभ! नऊ वर्षांची सवय. बयाबाईंनी पेन उचललं होतं, त्या थांबल्या. शेजारच्या दोन आया ओळखीचं हसल्या. लेकीने माझ्याकडे बघितलं नाही. पेन घेतलं आणि डाव्या हाताने, वेडंवाकडं, पहिलीतल्या पोरीसारखं स्वतःचं नाव लिहिलं. पूर्ण. वडिलांचं नाव, आडनाव, सगळं. मग बयाबाईंनी तिला भिंतीशी नेलं. तिला "टाच!" म्हणून ओरडल्या नाहीत. ते मला जास्त लागलं.

आत गेलो. लंकाबाईंनी मला ओळख दाखवली नाही! महिनाभर मी त्यांच्यामागे वही घेऊन फिरतेय, आणि आज मी फक्त एक पालक. दहा मिनिटं प्रश्न विचारले. काय खाते, काय खात नाही, किती पळते. उत्तरं मीच दिली. भराभर. दोन विनोदही केले. कुणी हसलं नाही. मग त्या म्हणाल्या, "आता आईने बाहेर बसायचं."

मी! बाकावर! ज्या बाकावर मी परवा 'काय झकास तपशील' म्हणून टिपण केलं होतं!

पस्तीस मिनिटं. दार खरंच पातळ आहे. कान लावला नाही, पण तिचा आवाज आला. शब्द नाही, नुसता आवाज. सलग. माझ्याशी ती इतकं शेवटचं कधी बोलली? आठवेना. शेजारी मखमलाबादची तीच बाई होती. मला म्हणाली, "पहिल्यांदा लय जड जातं, ताई. मंग सवय व्हते." आणि डब्यातला भाकरीचा तुकडा पुढे केला. खाल्ला. काळसर, जाड, नागलीचा.

१ मार्च

तपासण्या आल्या. हाडांची घनता तिच्या वयाच्या मुलींपेक्षा बरीच कमी. पाळी पाच महिने आलेली नाही. पाच महिने! शहरात कुठल्या समितीत कोण कुणावर रुसलंय हे मला घरबसल्या कळतं आणि हे कळलं नाही.

लंकाबाई म्हणाल्या, "हे तुम्हाला सांगायला तिने परवानगी दिली आहे. बाकीच्याची दिलेली नाही."

मग समजावलं. सरळ, लहान मुलाला सांगावं तसं. "मी गवंड्याची मुलगी. स्लॅब टाकला की त्यावर पाणी मारायचे दिवस ठरलेले असतात. ते गेले की टँकर आणून ओतला तरी उपयोग नाही. हिचे ते दिवस चालू आहेत, आणि ही उपाशी आहे. वर्षभरात वजन आलं, पाळी परत आली, तर हाड भरेल. नाही आलं तर पंचविशीत हिच्या अंगात म्हातारीचं हाड असेल."

"उपाशी का राहते ती?" मी विचारलं. माहीत असून विचारलं.

"ते परवानगीत बसत नाही," त्या म्हणाल्या.

मग चिठ्ठी. जशीच्या तशी उतरवते:

१. कॅल्शियम व ड जीवनसत्त्वाच्या गोळ्या.
२. तीन वेळा पोटभर जेवण. दूध वा दही. नागली. समुपदेशकांकडे दर आठवड्याला.
३. ऊन (शिक्का). पळणे बंद, मी सांगेपर्यंत.
४. आईने पेशंटवर विनोद करू नये, लिहू नये. मुदत: पेशंट सांगेल तोपर्यंत.

खाली सही. मेडिकलवाल्याने चौथ्या ओळीवर बोट ठेवून दोनदा वाचलं. "मॅडम, हे आमच्याकडे मिळत नाही."

२ मार्च

कोण समजते ही बाई स्वतःला? हाडांची डॉक्टर आहे की माझी संपादक? उद्या लिहितेच हिच्यावर. 'लंकादहन'! शीर्षक आपोआप आलं.

३ मार्च

लिहिलं. आठशे शब्द. फार विनोदी झालं. फाडलं.

मग जुनी कात्रणं काढून बसले, टपोरीची. एकदा स्नेहसंमेलनातल्या परीच्या झग्याबद्दल — 'परी उडेना, स्टेज खचेना.' ती सात वर्षांची होती. त्या आठवड्यात एकशे चाळीस पत्रं आली होती. सगळी कौतुकाची. मला. तिला एकही नाही.

१६ मार्च

'कुसळ'मध्ये टपोरी नाही, सलग तिसरा रविवार. संपादक: "वाचक विचारतायत, टपोरी कुठे गेली?"

"घरी आहे. जेवतेय," म्हटलं. खोटंच. अर्धी भाकरी ताटात होती.

२९ मार्च

प्लॅस्टर निघून तीन दिवस झाले. मनगट काडीसारखं. रोज अकराला गच्चीत वीस मिनिटं बसते, बाह्या वर करून. मी पण जाऊन बसते, चार हातांवर. बोलत नाही आम्ही. एका जागी बसून न बोलणं मला किती अवघड आहे, हे फक्त या वहीला सांगू शकते.

१२ एप्रिल

लेखासाठी एकच प्रश्न उरला होता: हाच विषय का? लंकाबाईंनी चहा सांगितला. मग साडीच्या निऱ्या किंचित उचलून पाय दाखवले. दोन्ही पाय बाहेरच्या बाजूला कमानीसारखे. लहानपणी भाकरी आणि मिरची, बाकी काही नाही.

"चौथीत आम्हाला एक मास्तर होते. फार विनोदी! हजेरीत मला 'फेंगडी' म्हणून हाक मारायचे. अख्खा वर्ग हसायचा. मीसुद्धा हसायचे. हजर म्हणायचे. तेव्हा त्यांच्याइतका मला कुणीच आवडत नव्हता."

मी वही मिटली.

"पाय नंतर बरेच सुधारले, म्हणजे दुखत नाहीत," त्या म्हणाल्या. "ते नाव मात्र सटाण्याच्या बाजारात अजून मिळतं. मागच्या दिवाळीत एक म्हातारा म्हणाला, 'फेंगडी, तू डॉक्टर व्हयनी ना वं!' प्रेमाने हो. पाया पडले मी त्याच्या."

आवाजात कुठे टोचणी नव्हती. नुसती माहिती दिल्यासारखं. मी आयुष्यभर सुया घेऊन फिरतेय, आणि हे वाक्य असं कुठे घुसलं की बाहेर यायला जिना उतरेपर्यंत वेळ लागला.

मग पुढचा पेशंट आला. कळवणकडची मुलगी, आईच्या मागे लपलेली. लंकाबाई खुर्ची सोडून खाली वाकल्या. "तुनं नाव काय शे, बेटा?"

१३ एप्रिल

घरी सॉरी म्हटलं. साधं. आधी तयार केलेली चार वाक्यं होती, चारही चमकदार. ती गिळली आणि एकच शब्द म्हटला.

ती म्हणाली, "बरं." आणि कानात हेडफोन घातले.

८ मे

एक भाकरी. पूर्ण.

३० मे

मी तिला नावाने हाक मारायला शिकतेय. हसू नये, खरंच शिकतेय! जीभ दर वेळी 'ट'वर जाते आणि तिथून परत येते. महेश म्हणतो, नवीन सूनबाईसारखी अडखळतेस. जिभेला जमलं तरी या वहीत ते नाव लिहायला हात धजत नाही. वाटतं, मी अजून ते मिळवलेलं नाही.

२१ जून

नागलीची बिस्किटं केली. दगड झाली. तिने एक टेबलावर आपटून पाहिलं. "आई, हे खाऊन हाड वाढेल, पण दात जातील."

मी इतकी हसले की डोळ्यांत पाणी आलं. तिचा विनोद! माझ्यावर! छान होता, वेळही नेमकी. लिहायला हात शिवशिवला — रविवारचा आख्खा मजकूर होता त्यात. नाही. चौथी ओळ.

दुसरं बिस्कीट तिने मागून घेतलं.

१२ जुलै

तपासणी. वजन सव्वाचार किलो वर. उंचीही अर्धा सेंटिमीटर, बयाबाईंनी तीनदा मोजून "चोरलेली नाय, खरी हाय!" असं जाहीर केलं. मी न सांगता बाकावर जाऊन बसले. आतून हसण्याचा आवाज आला, दोघींचा.

बाहेर येऊन लंकाबाई म्हणाल्या, "हे सांगायला परवानगी आहे. पाळी आली. मेच्या शेवटी, आणि परवा पुन्हा." मग, "हाड भरायला अजून दोन वर्षं आहेत. पाणी मारणं थांबवायचं नाही."

मी बाकावरून उठलेच नाही. मखमलाबादची बाई असती तर म्हणाली असती, ताई, सवय झाली का?

२५ जुलै

गौरवलेख दिला. दीड हजार शब्द. जन्म, सटाणा, पुणे, हरसूल, नागली, उंचीमापक, 'बघायला कोण येतंय, पोलीस?' सगळं आहे. संपादक म्हणाले, "सुंदर! पण तुमच्यासारखं नाही वाटत. कुसळच नाही यात."

खरंच नाही. मुख्य गोष्टच नाही त्यात. ती लिहायची मला बंदी आहे.

३ ऑगस्ट

आज सकाळी तिने माझ्या टेबलावर तीन कागद ठेवले. स्मरणिकेसाठी, म्हणाली. जुन्या पेशंटांचं मागवलंय ना, मग नव्या पेशंटाचं एक.

पहिलं वाक्य: 'आमच्या घरात एक कुसळ राहते. ती दर रविवारी सकाळी बाहेर पडते आणि पूर्ण शहराला टोचून संध्याकाळी जेवायला घरी येते.'

हसले. खदाखदा हसले! दुसऱ्या पानावर परीचा झगा होता. तिथे हसू थांबलं. तिसरं पान सगळं डॉक्टरांचं. त्यात माझ्या दीड हजार शब्दांत नसलेली एकच ओळ होती: 'त्यांनी मला पहिल्याच दिवशी विचारलं, तुला कुठल्या नावाने हाक मारू?'

ती दारात उभी होती. "आई, हे छापायला देऊ का? तू नाही म्हणालीस तर नाही देणार."

नऊ वर्षं. चारशेहून जास्त रविवार. मी तिला एकदाही विचारलं नव्हतं.

हो म्हटलं. लेखाखाली नाव आहे, आता डाव्या नाही, उजव्या हाताचं, ठसठशीत —

हर्षाली महेश गायखे.